जोआकिम द आल्मेइदा: आयुष्यभर व्हिलनच मिळाला, मग करिअर चांगलं झालं म्हणायचं का?

प्रश्न असा आलाय की फास्ट फाइव्हमधला रिओचा डॉन, डेस्पेराडोमधला बुचो आणि ट्वेंटी फोर मालिकेतला रामोन सालाझार हा एकच माणूस आहे, तो पोर्तुगीज आहे, चाळीस वर्षांहून जास्त काम करतोय, चेहरा सगळ्यांना माहीत आणि नाव कुणालाच नाही, तर याला यशस्वी करिअर म्हणायचं की ड्रग डॉनच्या रोलमध्ये अडकलेला नट म्हणायचं. आणि पुढे विचारलंय की मराठीतून हिंदीत किंवा बाहेर जाऊ बघणाऱ्या नटाने यातून काय घ्यावं.

मी ऑडिशन घेतो आणि नटांना ऑडिशनसाठी तयारही करतो, आणि या माणसाची कामं वर्कशॉपमध्ये बऱ्याच वेळा दाखवत आलोय, म्हणून जरा लांब लिहितो. माझं मत आधीच सांगून टाकतो. तो अडकला हे खरं आहे. पण त्याच्या करिअरचा अर्धाच भाग आपल्यापर्यंत पोचलाय, दुसरा अर्धा भाग लिस्बन, पॅरिस आणि रिओमध्ये आहे, आणि दोन्ही एकत्र बघितल्याशिवाय या माणसाचा हिशोब लागत नाही.

सुरुवात कुठून झाली ते आधी बघू. जन्म १९५७ चा, लिस्बनचा, आईवडील औषधांच्या व्यवसायातले. नाटक शिकायला तिथल्या कॉन्झर्व्हेटरीत गेला, पण १९७४ च्या एप्रिलमध्ये पोर्तुगालमध्ये क्रांती झाली, अनेक दशकांची हुकूमशाही एका दिवसात पडली, आणि त्या धामधुमीत शाळा बंद पडली. कोवळ्या वयात पोरगा घर सोडून आधी व्हिएन्नाला गेला, तिथे माळीकाम केलं, मग न्यूयॉर्कला जाऊन ली स्ट्रासबर्गच्या अभिनय शिकवणाऱ्या इन्स्टिट्यूटमध्ये शिकला आणि पोटासाठी बारमध्ये काम केलं. यातला स्ट्रगलचा भाग मला फार महत्त्वाचा वाटत नाही, तो सगळ्यांचाच असतो. महत्त्वाचं हे की त्या काळात देशात थांबून सिनेमानटाचं पोट भरणं जवळपास अशक्य होतं. देश जेमतेम एक कोटी लोकवस्तीचा, वर्षाला हाताच्या बोटांवर मोजण्याइतके सिनेमे, तेही सरकारी मदतीवर. टीव्ही म्हणजे फक्त सरकारी आरटीपी, आणि लोक बघायचे ब्राझीलच्या मालिका. पोर्तुगालची स्वतःची पहिली टेलिनोव्हेला, म्हणजे आपल्या डेली सोपसारखा प्रकार, ती 'विला फाया', १९८२ मध्ये आली. ती उभी करणाऱ्यांत निकोलाउ ब्रेयनर हा नट होता आणि तिथल्या टीव्ही इंडस्ट्रीचा पायाच त्याने घातला असं मी म्हणेन. खासगी वाहिन्या तर १९९२ नंतर आल्या, आधी सिक आणि मग टीव्हीआय. म्हणजे आल्मेइदाने घर सोडलं तेव्हा आजचा पोर्तुगीज नट ज्या नोव्हेलांवर घरभाडं भरतो त्या नोव्हेला अस्तित्वातच नव्हत्या.

आणि आणखी एक गोष्ट, जी आपल्याकडे कुणी लक्षात घेत नाही. पोर्तुगालमध्ये परदेशी सिनेमा डब होत नाही, सबटायटल लावून दाखवतात, लहान मुलांचे सिनेमे सोडले तर. शेजारच्या स्पेनमध्ये बरोबर उलटं, तिथे सर्रास डबिंग. त्यामुळे पोर्तुगीज पोरं लहानपणापासून इंग्रजी, फ्रेंच, इटालियन कानांनी ऐकत मोठी होतात, आणि नटासाठी कान तयार असणं ही निम्मी तालीम आहे. आल्मेइदाला पोर्तुगीज, स्पॅनिश, इंग्रजी, फ्रेंच, इटालियन आणि जर्मन अशा सहा भाषा येतात. त्याच्या करिअरमधली निम्मी दारं अभिनयाच्याही आधी या भाषांनी उघडली असं मला वाटतं.

आता रोल बघा. १९८२ मध्ये 'द सोल्जर'मध्ये छोटं काम, आणि लगेच पुढच्या वर्षी ग्रॅहम ग्रीनच्या कादंबरीवरचा 'द ऑनररी कॉन्सल', समोर मायकेल केन आणि रिचर्ड गिअर. यात हा लिओन, पाद्रीपणा सोडून क्रांतिकारक झालेला पॅराग्वेचा माणूस. वय सव्वीस. मग १९८७ मध्ये इटलीच्या ताविआनी बंधूंनी 'गुड मॉर्निंग बॅबिलोन'मध्ये थेट मुख्य भूमिका दिली, तोस्कानातले दोन भाऊ, चर्चच्या दगडकामात वाढलेले, अमेरिकेत जातात आणि दिग्दर्शक ग्रिफिथच्या मूकपटाच्या सेटसाठी हत्ती घडवतात. दोन इटालियन भावांपैकी एक पोर्तुगीज नट आणि दुसरा व्हिन्सेंट स्पॅनो, तो अमेरिकन. तरी ते भाऊ वाटतात. ज्यांनी याला फक्त बंदूक घेऊन बघितलंय त्यांनी हा सिनेमा जरूर बघा, त्यातला तरुण आल्मेइदा इतका मोकळा, हळवा आहे की हाच पुढे बुचो होणार यावर विश्वास बसत नाही. १९९० मध्ये चिलीच्या मिगेल लितीनने त्याला निकाराग्वाचा गनिमी सेनानी सांदिनो म्हणून उभा केला. म्हणजे नव्वद सालापर्यंत हा माणूस हिरो होता, आदर्शवादी होता, क्रांतिकारक होता. मोठा व्हिलन नंतर आला.

तो आला १९९४ मध्ये, 'क्लिअर अँड प्रेझेंट डेंजर'मधून. हॅरिसन फोर्ड हिरो आणि हा कर्नल फेलिक्स कोर्तेझ, क्युबाच्या गुप्तचर खात्यातला माजी अधिकारी, आता कोलंबियाच्या ड्रग माफियाकडे नोकरीला. माझ्या मते त्याचं हॉलिवूडमधलं सगळ्यात चांगलं काम हेच आहे आणि इथे जरा थांबतो. या रोलची अडचण काय आहे बघा, कोर्तेझ त्याच्या मालकापेक्षा हुशार आहे, मालकाची गादी त्याला हवीय, पण मालकासमोर ते दिसता कामा नये आणि प्रेक्षकाला मात्र दिसलं पाहिजे. नवीन नट इथे काय करतो, तर मालकाची पाठ वळली की कॅमेऱ्याकडे तोंड करून कपटी हसतो. आल्मेइदा असलं काहीही करत नाही. तो फक्त नीट ऐकतो. समोरचा बोलत असताना तो ऐकतोय आणि त्याच वेळी दोन पावलं पुढचा विचार करतोय हे डोळ्यांवरून कळतं, आवाज कुठेही चढत नाही. आणि एफबीआयच्या प्रमुखाच्या सेक्रेटरीला तो प्रेमात पाडून माहिती काढतो ते सीन बघा, तिथे तो खरोखर प्रेमळ आहे, त्या बाईशी बोलताना खोटेपणाची एकसुद्धा खूण त्याने ठेवलेली नाही, म्हणूनच पुढे जे तो तिचं करतो त्याने अंगावर काटा येतो. मी पोरांना सांगतो की व्हिलनला त्याचं काम करू द्या, तो वाईट आहे हे लेखकाने आधीच लिहून ठेवलंय, तुम्ही परत करून दाखवू नका. आपल्याकडे निळूभाऊंचे सरपंच आणि पाटील आठवा, हळू आवाजात, मान जरा तिरकी करून, आणि बायका सिनेमा बघून त्यांना खरोखर शिव्या द्यायच्या.

पुढच्याच वर्षी 'डेस्पेराडो'. तो रोल आधी राउल हुलियासाठी होता, त्यांचं १९९४ च्या ऑक्टोबरमध्ये निधन झालं आणि मग आल्मेइदा आला. सिनेमा चालला, बांदेरास आणि सलमा हायेक स्टार झाले, आणि याच्या कपाळावर शिक्का बसला. तिथून पुढे लॅटिन अमेरिकेचा नकाशा घ्या आणि बोट फिरवत जा. २००३-०४ मध्ये 'ट्वेंटी फोर'च्या तिसऱ्या सीझनमध्ये मेक्सिकन ड्रग माफिया रामोन सालाझार. २००८ मध्ये सोडरबर्गच्या 'चे'च्या दुसऱ्या भागात बोलिव्हियाचे अध्यक्ष बारिएन्तोस. २०११ मध्ये 'फास्ट फाइव्ह'मधला ब्राझीलचा हर्नान रेयेस. २०१६ पासून 'क्वीन ऑफ द साउथ'मध्ये डॉन एपिफानिओ वार्गास, परत मेक्सिको. पोर्तुगीज माणूस म्हणून त्याला अमेरिकेने फारसं बोलावलंच नाही, कारण त्यांच्या लेखी पोर्तुगीज असा वेगळा खप नाही, ब्रेकडाउनमध्ये, म्हणजे कास्टिंगसाठी काढलेल्या भूमिकांच्या यादीत, लिहिलेलं असतं लॅटिनो, मध्यमवयीन, देखणा, धोकादायक, आणि त्या खोक्यात हा बसतो. याच 'ट्वेंटी फोर'मध्ये आठव्या सीझनला आपल्या अनिल कपूरना कामिस्तान नावाच्या अस्तित्वात नसलेल्या देशाचा अध्यक्ष केलं होतं, यावरून ती यंत्रणा कशी चालते ते कळेल.

याला दुसरी बाजू आहे आणि ती लिहिलीच पाहिजे. मेक्सिको, कोलंबियाचे नट म्हणतात की आमच्या भूमिका युरोपातले नट घेऊन जातात आणि वर आम्हाला फक्त डॉनचे हस्तक म्हणून उभं करतात, ही तक्रार रास्त आहे. आल्मेइदाला जे अडकणं वाटलं असेल ते दुसऱ्या कुणाची संधी गेल्याचंही कारण आहे. नटाच्या बाजूने बोलताना हे विसरू नये.

'फास्ट फाइव्ह'मधला एक सीन मात्र आवर्जून बघा, आणि कृपा करून मूळ इंग्रजीत बघा, हिंदी डबिंगमध्ये नको, कारण डबिंगमध्ये आवाज गेला की या नटाचा निम्मा अभिनय जातो. त्यात रेयेस त्याच्या पाहुण्यांना गोष्ट सांगतो की ब्राझीलमध्ये स्पॅनिश लोक बंदुका घेऊन आले आणि मारले गेले, पोर्तुगीज मात्र आरसे, कात्र्या अशा भेटवस्तू घेऊन आले, लोकांना त्यांची सवय लावली आणि मग कामाला लावलं, म्हणून आज देश पोर्तुगीज बोलतो. इतिहास म्हणून हे किती अपुरं आहे ते गोव्यातल्या माणसाला सांगायला नको. पण लिस्बनमध्ये जन्मलेला नट ब्राझिलियन गुंडाच्या तोंडून, इंग्रजीत, स्वतःच्या पूर्वजांच्या सत्तेचं तंत्र समजावून सांगतोय, आणि इतक्या शांतपणे, जणू धंद्याची मीटिंग चालू आहे. गाड्यांच्या सिनेमात असा सीन क्वचित सापडतो. शेवटी त्याला ड्वेन जॉन्सन गोळी घालतो ते वेगळं, आणि बारा वर्षांनी 'फास्ट एक्स'मध्ये त्याच्या मुलाच्या सूडावर अख्खं कथानक उभं करून याला फ्लॅशबॅकमध्ये परत आणलं, मुलगा जेसन मोमोआ.

टीव्हीबद्दल विचारलं असतंत म्हणून थोडं. 'ट्वेंटी फोर'मधला रामोन हा सिनेमातल्या व्हिलनपेक्षा अवघड आहे कारण तो बऱ्याच एपिसोडवर पसरलाय आणि गोष्ट तासातासाने चालते, म्हणजे सगळी चढण एका दिवसाच्या आत दाखवायची. सुरुवातीला तो तुरुंगात आहे, मग सुटतो, धाकटा भाऊ हेक्टर मालिकेचा हिरो जॅक बावर याच्यावर विश्वास टाकतो आणि रामोन टाकत नाही, आणि शेवटी तो भावालाच गोळी घालतो. तो क्षण पटतो, कारण दोघं एका खोलीत आले की हवा जरा जड होते हे त्याने आधीच्या एपिसोडपासून बारीक बारीक पेरत आणलेलं आहे. डेली सोपमध्ये काम करणाऱ्यांनी हे खास बघावं, आपल्याकडे प्रत्येक एपिसोडला टॉपला जायची सवय लागते आणि मग खरा टॉप येतो तेव्हा वर जागाच उरत नाही.

आता तो दुसरा अर्धा भाग, जो मला जास्त प्रिय आहे. अमेरिकेत डॉन करत असतानाच हा माणूस सतत घरी येत राहिला. १९९५ मध्येच, म्हणजे डेस्पेराडोच्याच साली, जोआकिम लैतांओच्या 'आदांओ ए एवा'मध्ये मारिया द मेदेरोसबरोबर, आणि त्याच साली इटालियन 'सोस्तिएने पेरेरा'मध्ये इटलीचा दिग्गज नट मास्त्रोयानी याच्यासमोर लहानसा वेटर, गोष्ट हुकूमशाहीतल्या लिस्बनची. मोठ्या हॉलिवूड सिनेमाचा व्हिलन त्याच वर्षी वेटरचं काम घेतो, हे मी पोरांना मुद्दाम सांगतो. १९९७ मध्ये 'तेन्तासांओ', व्यसनात अडकलेल्या मुलीत गुंतत जाणारा पाद्री, तो पोर्तुगालमध्ये जोरात चालला. २००० मध्ये मारिया द मेदेरोसने स्वतः दिग्दर्शित केलेला 'कापितांइश द आब्रील', ज्या क्रांतीने त्याची नाटकशाळा बंद पाडली त्याच क्रांतीवरचा सिनेमा, त्यात तो आहे. आणि २००१ चा ब्राझिलियन सिनेमा 'ओ शांगो द बेकर स्ट्रीट', ज्यात हा चक्क शेरलॉक होम्स आहे, गोष्ट एकोणिसाव्या शतकातल्या रिओत घडते, चोरीला गेलेलं स्ट्रॅडिव्हेरियस व्हायोलिन, फ्रेंच नटी सारा बर्नहार्ट आणि मधे खून. पोर्तुगालची पोर्तुगीज आणि ब्राझीलची पोर्तुगीज कानाला बरीच वेगळी लागते, लिस्बनवाले स्वर गिळतात, रिओवाले मोकळे सोडतात, पण होम्स तिथे परकाच असल्यामुळे ते वेगळेपण त्या रोलमध्ये छान जिरून जातं. हे कास्टिंग ज्याने केलं त्याला माझा सलाम.

आणि मग २०१३ चा 'ला काज दोरे'. एकच सिनेमा बघायला वेळ असेल तर हा बघा. पॅरिसच्या श्रीमंत वस्तीतल्या एका इमारतीत तळमजल्यावर राहणारं पोर्तुगीज जोडपं, बायको मारिया त्या इमारतीची केअरटेकर आणि नवरा जोझे बांधकामावरचा गवंडी. फ्रान्समध्ये अशी लाखो पोर्तुगीज माणसं गेली, गरिबीला आणि हुकूमशाहीला कंटाळून, आणि तिथली घरं बांधली, तिथले जिने पुसले. दिग्दर्शक रुबेन आल्व्हेसचे स्वतःचे आईवडील अगदी हेच करणारे, आई केअरटेकर आणि वडील गवंडी. गोष्टीत या दोघांना गावाकडे वारसाहक्काने घर मिळतं, अट एकच की तिथे जाऊन राहायचं, आणि बातमी फुटल्यावर मालक, शेजारी, नातेवाईक सगळे यांना जाऊ न देण्याच्या मागे लागतात, कारण यांच्याशिवाय कुणाचंच चालत नाही. मारिया केलीय रिता ब्लांकोने, पोर्तुगालची फार मोठी नटी. आल्मेइदाचा जोझे बघताना मला पहिल्यांदा बघितलं तेव्हा भरून आलं होतं आणि अजून येतं. तेच खांदे, तोच भारदस्त आवाज, पण इथे तो माणूस दुसऱ्याच्या घरात उभा आहे, जागा जरा कमी घेतो, साहेबासमोर वाक्य अर्धं सोडतो, हात कुठे ठेवायचे कळत नाही त्याला. डॉनच्या रोलमध्ये हाच नट खुर्चीत बसला की खोली त्याची होते आणि इथे स्वतःच्या घरातही तो पाहुण्यासारखा बसतो. फ्रान्समध्ये दहा लाखांच्या वर तिकिटं विकली गेली, पोर्तुगालमध्ये तो खूप चालला, आणि युरोपियन फिल्म अवॉर्ड्समध्ये प्रेक्षकांच्या पसंतीचं बक्षीस मिळालं. पश्चिम महाराष्ट्रातून आणि कोकणातून मुंबईला आलेल्या गिरणी कामगारांच्या घरात वाढलेल्या कुणालाही हा सिनेमा सबटायटलशिवायसुद्धा कळेल.

उशिरा का होईना, हॉलिवूडलाही त्याच्यातली ही ऊब दिसली. २०२३ च्या 'मिसिंग'मध्ये, जो पूर्ण सिनेमा कॉम्प्युटर आणि फोनच्या स्क्रीनवर घडतो, तो हावी आहे, कोलंबियातल्या कार्ताहेनामध्ये छोटीमोठी कामं करून देणारा, स्कूटरवर फिरणारा प्रौढ माणूस, अमेरिकेतली एक मुलगी आपल्या हरवलेल्या आईचा माग काढायला त्याला ऑनलाइन कामावर घेते आणि तो पैशापेक्षा जास्त माया लावतो. परत कोलंबिया, पण या वेळी बंदूक नाही. व्हिडिओ कॉलच्या त्या छोट्या चौकटीत, समोर कुणी नसताना, त्याने जे नातं उभं केलंय ते सेल्फ टेप, म्हणजे स्वतःच रेकॉर्ड केलेली ऑडिशन, पाठवणाऱ्या प्रत्येक नटाने अभ्यास म्हणून बघावं.

हाच रस्ता सगळ्यांना लागू पडतो असं नाही. मारिया द मेदेरोस फ्रान्समध्ये राहून युरोपियन सिनेमाची झाली, 'पल्प फिक्शन'मध्ये दिसली आणि त्याच १९९४ मध्ये पोर्तुगीज सिनेमासाठी व्हेनिसच्या फिल्म फेस्टिव्हलला सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरली. नूनो लोपेश देशातच राहिला, नोव्हेला, कॉमेडी, नाटक सगळं केलं आणि २०१६ मध्ये 'सांओ जॉर्ज'साठी व्हेनिसच्या ओरिझोन्ती विभागात सर्वोत्कृष्ट नटाचं बक्षीस घेतलं, मग नेटफ्लिक्सने बोलावलं. दानिएला रुआ नोव्हेलांमधून निघून एनसीआयएस लॉस एंजेलिसमध्ये चौदा सीझन टिकली. आज पोर्तुगीज नोव्हेलांना इंटरनॅशनल एमी मिळालेत, २०१० ला 'मेउ आमोर' आणि २०११ ला 'लासोश द सांग्य', आणि 'राबो द पैश'सारखी अझोरेस या पोर्तुगीज बेटांवरची मालिका नेटफ्लिक्सवर जगभर बघितली गेली, त्यामुळे आजच्या पोराला आल्मेइदासारखं विशीत घर सोडायची सक्ती नाही.

तर तुमचा खरा प्रश्न, मराठी नटाने काय घ्यावं. पहिलं, भाषा शिका, नुसते संवाद पाठ करणं वेगळं आणि त्या भाषेत भांडता येणं वेगळं. हिंदी तर आलीच पाहिजे, पण उर्दूचा उच्चार, कोकणी, एखादी दाक्षिणात्य भाषा यातलं काहीतरी पक्कं करा, कारण साउथच्या सिनेमात मराठी नट आता बऱ्यापैकी घेतले जातात आणि तिथे प्रॉम्प्टिंगवर काम करणारा लगेच ओळखू येतो. दुसरं, बाहेरून टाइपकास्ट रोल आला, इन्स्पेक्टर आला, गुंड आला, मोलकरीण आली, तर घ्यायचा की नाही हे तुमच्या घरखर्चाने ठरवा, त्यात लाज काही नाही, सदाशिव अमरापूरकरांनी 'अर्धसत्य'मधला रामा शेट्टी केला तेव्हापासून हिंदीने त्यांना बहुतेक व्हिलनच दिले आणि ते मराठी रंगभूमीचे होते ते होतेच. पण घेतलात तर त्याच वर्षात मराठीत एक तरी असं काम करा ज्यात तुम्ही तो टाइप नाही आहात. नाटक चालेल, शॉर्ट फिल्म चालेल, एकांकिका चालेल. कास्टिंगवाल्याकडे तुमचं जे जातं त्यात ते दिसलं पाहिजे.

आणि अगदी हाताने करायची गोष्ट सांगतो. शोरीलमध्ये, म्हणजे तुमच्या निवडक सीन्सच्या व्हिडिओत, पहिला सीन तुमचा टाइपचाच ठेवा, म्हणजे इन्स्पेक्टर शोधणाऱ्याला इन्स्पेक्टर लगेच सापडेल, आणि दुसरा सीन असा ठेवा ज्यात तुम्ही फक्त ऐकताय, संवाद समोरच्याचे आहेत. दोन्ही मिळून दोन मिनिटांच्या आत. ऐकण्याचा सीन कसा असावा हे बघायचं असेल तर 'क्लिअर अँड प्रेझेंट डेंजर' लावा आणि कोर्तेझ त्याच्या मालकासमोर बसलेला असतो तेव्हा आवाज म्यूट करून फक्त त्याचा चेहरा बघा.